एजंटाने पढवलेली गोष्ट मुलाखतीआधीच मागे घ्या

प्रश्न : मी परदेशात राहते आणि आठवड्यातून दोन संध्याकाळी नव्याने आलेल्या लोकांना इथली भाषा शिकवते. देशांची नावं छापू नयेत ही विनंती. माझ्या वर्गातल्या एका गृहस्थांनी बायको आणि सात वर्षांच्या मुलीसह आश्रयासाठी अर्ज केला आहे. मायदेशी ते जिल्ह्याच्या निवडणूक कचेरीत कारकून होते. मतमोजणीच्या खोट्या तक्त्यावर सही करायला त्यांनी नकार दिला. पोलिसांनी दोन रात्री डांबून ठेवून मारहाण केली, आणि सुटल्यावर घरी धमक्या यायला लागल्या. दुसऱ्याच माणसाच्या पासपोर्टवर, वाटेत दोन देश ओलांडून ते इथे पोहोचले. एजंट म्हणाला होता, ‘दोन रात्रींना कोण विचारतो? विरोधी पक्षाचा पदाधिकारी होतो, तीन महिने तुरुंगात होतो असं सांग.’ पोहोचल्यावर झालेल्या पहिल्या चौकशीत त्यांनी तेच सांगून टाकलं. आता मोठी मुलाखत तीन आठवड्यांवर आली आहे. खरं सांगावं तर खोटारडे ठरू, न सांगावं तर पकडले जाऊ, अशी त्यांची कोंडी झाली आहे. खोट्या पासपोर्टमुळे अर्ज मुळातच बाद झालाय का? त्यांच्या देशाच्या दूतावासातून नवा पासपोर्ट काढून घेतला तर बाजू भक्कम होईल का? मुलाखतीत दुभाषी म्हणून मी बसू का? आणि नकार आला तर लगेच विमानात बसवतील का?

उत्तर : ताई, आधी दूतावासाचा विषय संपवू, कारण तिथे झालेली चूक नंतर निस्तरता येत नाही. तुम्ही जाऊ नका आणि त्यांनाही जाऊ देऊ नका. निर्वासित म्हणजे आपल्या सरकारचं संरक्षण घेऊ न शकणारा, किंवा भीतीपोटी घ्यायला तयार नसलेला माणूस. तोच त्या सरकारच्या दारात अर्ज घेऊन उभा राहिला की अधिकाऱ्याचा प्रश्न ठरलेला : इतकी भीती होती तर गेलात कसे? १९५१ च्या निर्वासितविषयक कराराच्या पहिल्याच कलमात म्हटलं आहे की स्वेच्छेने आपल्या देशाचं संरक्षण पुन्हा घेणाऱ्याला करार लागू राहत नाही, आणि पासपोर्ट काढणं हे त्याचं नेहमी दिलं जाणारं उदाहरण. शिवाय ते कुठे आहेत हे आज त्यांच्या सरकारला कदाचित माहीत नसेल. दूतावासाचा फॉर्म भरला की पत्ता आणि फोटो आपल्याच हाताने दिला, आणि त्याचा त्रास मागे राहिलेल्या नातेवाइकांना होऊ शकतो. आश्रयाचा अर्ज तपासणाऱ्या खात्याने अर्जाची माहिती मायदेशाला द्यायची नसते. जन्मदाखला, लग्नाचा दाखला लागलाच तर एखाद्या नातेवाइकाकरवी मागवा, तोही त्याच्या जिवाला घोर लागणार नसेल तरच. इथल्या एखाद्या कार्यालयाने ‘दूतावासातून कागद आणा’ असा छापील कागद हातात ठेवला, तर त्याला वकिलाने लेखी उत्तर द्यावं.

आता त्या तीन महिन्यांच्या तुरुंगाचं. आमचं मत स्पष्ट आहे. खोटा भाग मागे घ्यायचा, लेखी घ्यायचा आणि मुलाखतीच्या आधी घ्यायचा.

एजंटांचा हिशेब असा की हाल जितके जास्त तितकी केस पक्की. कायदा हा हिशेब मांडतच नाही. तो तीन गोष्टी विचारतो. हा माणूस परत गेला तर त्याचा छळ होईल अशी सबळ भीती आहे का? ती भीती वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गटाचं सदस्यत्व किंवा राजकीय मत या पाचांपैकी एखाद्या कारणाशी जोडलेली आहे का? आणि त्याचं सरकार त्याला वाचवू शकतं का, वाचवायची त्याची इच्छा आहे का? सगळा रोख पुढे काय होईल यावर आहे. मागे झालेला छळ हा पुढच्या भीतीचा मोठा पुरावा, पण तो झालेलाच असावा अशी अट नाही. एक रात्रही कोठडीत न काढलेल्या माणसाला आश्रय मिळू शकतो. उलट वर्षभर तुरुंगात राहिलेल्याला, मायदेशी राजवट बदलून धोका संपला असेल तर, नाकारलाही जाऊ शकतो. भीती किती पक्की हवी? अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्ये कार्डोझा-फोन्सेका खटल्यात म्हटलं की छळाची शक्यता दहा टक्के असली तरी भीती सबळ ठरू शकते. प्रत्येक देशाचं माप सारखं नाही, काहींनी ते अलीकडे कडकही केलं आहे. तुमच्या देशात कोणतं चालतं ते वकिलाला विचारा.

तुमचे विद्यार्थी कुठल्याच पक्षात नव्हते, आणि ही आपली उणी बाजू असं त्यांना वाटतंय. ती उणी नाही. खोट्या तक्त्यावर सही न करणं हा सत्ताधाऱ्यांना विरोध वाटत असेल, तर कायद्याच्या नजरेत ते राजकीय मतच झालं. त्यांच्या मनात काय होतं यापेक्षा छळणाऱ्याने त्यांच्या माथी काय मारलं हे पाहिलं जातं. याला आरोपित राजकीय मत म्हणतात, आणि या क्षेत्रातल्या कुठल्याही वकिलाला ते शिकवावं लागत नाही. अधिकारी कदाचित विचारतील, ‘पुढच्या वेळी निमूटपणे सही केलीत तर काय बिघडेल?’ ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये झिंबाब्वेच्या काही अर्जदारांच्या प्रकरणात नेमकं हेच हाताळलं आहे. ज्याला राजकारणात रसच नाही अशा माणसानेही जीव वाचवण्यासाठी राजवटीवरच्या निष्ठेचं सोंग आणावं, अशी अपेक्षा ठेवता येत नाही, असा तो निकाल. तो निकाल इतर देशांवर बंधनकारक नाही, पण वकिलाला त्याचा आधार देता येतो.

आता खोटी बाजू पाहा. पदाधिकारी म्हटलं की विचारणार : जिल्हाध्यक्ष कोण होते, बैठका कुठे व्हायच्या, वर्गणी किती, तुमच्या आधी ते पद कुणाकडे होतं. तीन महिने तुरुंग म्हटलं की विचारणार : कोठडीत किती जण होता, भेटीचा वार कोणता, सुटताना कोणती वस्तू परत मिळाली. अनेक तुरुंगांची वर्णनं मानवी हक्कांच्या अहवालांत छापून आलेली असतात आणि अधिकाऱ्याने ती वाचलेली असू शकतात. दुसऱ्या खोलीत त्यांच्या पत्नीला विचारतील, ‘नवरा आत असताना घर कसं चालवलंत? किती वेळा भेटायला गेलात?’ दोन उत्तरं जुळली नाहीत की अविश्वास फक्त तुरुंगापुरता राहत नाही. खऱ्या दोन रात्रीही त्याच ओघात वाहून जातात. काही देशांत दंड याहून मोठा आहे. अमेरिकेत जाणूनबुजून बनावट अर्ज केल्याचं ठरलं तर पुढे कोणताही स्थलांतरविषयक लाभ मिळण्याचा रस्ता कायमचा बंद होतो.

मागे घ्यायचं कसं? पहिल्या चौकशीच्या नोंदीची प्रत वकिलामार्फत मागवा. ती त्यांना त्यांच्या भाषेत ओळ न् ओळ वाचून दाखवायला हवी, कारण त्यात दोन तऱ्हेच्या चुका सापडतील : लिहिणाऱ्याने किंवा दुभाष्याने केलेल्या, आणि त्यांनी स्वतः सांगितलेल्या खोट्या गोष्टी. या दोन्ही वेगवेगळ्या ठेवायच्या. स्वतः बोललेलं खोटं दुभाष्याच्या माथ्यावर टाकायचा मोह होतो, आणि ध्वनिमुद्रण असेल तर तो मोह फार महागात पडतो. मग एक-दीड पानाचं सही केलेलं निवेदन : नेमकं काय खोटं सांगितलं, कुणाच्या सांगण्यावरून, त्या घडीला कशाची भीती होती, आणि खरं काय. पल्लेदार वाक्यं नकोत, क्षमायाचना एका ओळीत पुरे. एजंटाचं नाव सांगायची भीती वाटत असेल तर तसं लिहावं, पण ‘मला आठवत नाही’ असं नवं खोटं जोडू नये. हे निवेदन मुलाखतीच्या काही दिवस आधी पोहोचतं करून पोच जपून ठेवावी, आणि मुलाखत सुरू होताच त्यांनी तोंडीही सांगावं.

याने विश्वासाला धक्का बसणारच नाही असं आम्ही म्हणणार नाही. बसेल, आणि अधिकारी खोदून विचारतील. पण पकडल्यावर दिलेली कबुली आणि आपणहून केलेली दुरुस्ती यांचं वजन सारखं नसतं. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासित उच्चायुक्तालयाची १९७९ पासूनची मार्गदर्शक पुस्तिका जगभर वापरली जाते. तिच्या १९९ व्या परिच्छेदात म्हटलं आहे की निव्वळ असत्य विधानं हे नकाराचं कारण होऊ शकत नाही. सर्व परिस्थिती पाहून त्यांचं मोल ठरवणं ही तपासणाऱ्याची जबाबदारी आहे. निवेदनासोबतच्या पत्रात वकिलाने हा परिच्छेद जरूर उद्धृत करावा.

वकील नसेल तर आजच शोधायला लागा. बऱ्याच देशांत आश्रयाच्या कामासाठी मोफत कायदेशीर मदत असते, आणि ती देणाऱ्या संस्थांची यादी आश्रय खात्याच्या किंवा संयुक्त राष्ट्रांच्या त्याच निर्वासित उच्चायुक्तालयाच्या संकेतस्थळावर मिळते. एजंटाच्या ओळखीचा वकील नको. पहिली भेट मुलाखतीच्या तारखेनंतरची मिळत असेल तर तारीख पुढे ढकलण्याची विनंती लेखी करा आणि भेटीचं पत्र जोडा. विनंती केली म्हणजे मंजूर झाली असं नव्हे. ‘तारीख बदलली’ असं लेखी येईपर्यंत मूळ दिवशी हजर राहायचंच. न सांगता गैरहजर राहिलं तर अर्ज सोडून दिला असं मानलं जाऊ शकतं.

खोट्या पासपोर्टने अर्ज बाद होत नाही. छळ करणाऱ्या सरकारकडे रीतसर पासपोर्ट मागता येत नाही हे करार लिहिणाऱ्यांनाही ठाऊक होतं, म्हणून कलम ३१ आहे. धोक्याच्या प्रदेशातून थेट आलेल्या, विनाविलंब अधिकाऱ्यांसमोर हजर झालेल्या आणि बेकायदा प्रवेशाचं सबळ कारण दिलेल्या निर्वासिताला त्या प्रवेशासाठी शिक्षा करायची नाही, असं ते सांगतं. ‘थेट’ या अटीवरून वाद होतात. इंग्लंडच्या उच्च न्यायालयाने १९९९ च्या अदिमी प्रकरणात वाटेतल्या देशातला अल्प मुक्काम आड येऊ दिला नाही, पण प्रत्येक देश इतका उदार नसतो. म्हणून दोन्ही देशांचा तपशील सरळ द्यावा : कुठे उतरले, किती रात्री, कुणाच्या ताब्यात, तिथे अर्ज का केला नाही, आणि मुख्य म्हणजे तिथे बोटांचे ठसे दिले होते का. पासपोर्टवर कुणाचं नाव होतं, तो कुणी परत घेतला, कुठे, हेही. ‘हरवला’ हे खरं नसेल तर म्हणायचं नाही.

पहिल्या सुरक्षित देशातच आश्रय मागायला हवा असं १९५१ च्या करारात कुठेही लिहिलेलं नाही. तरीही सरकारांनी आपापसांत तसे नियम केले आहेत. अमेरिका आणि कॅनडा यांच्यातला सुरक्षित तिसऱ्या देशाचा करार २००४ च्या डिसेंबरपासून लागू आहे. युरोपीय संघात अर्ज कोणत्या देशाने तपासायचा हे ठरवण्याचे नियम आहेत आणि बोटांच्या ठशांची सामाईक नोंदवही आहे, युरोडॅक नावाची. २०२४ मध्ये संमत झालेल्या नव्या नियमांत ठसे घेण्याचं किमान वय १४ वरून ६ वर आणलं आहे, म्हणजे सात वर्षांची मुलगीही त्यात येते. तुम्ही युरोपात असाल आणि वाटेतला देश संघातला असेल, तर वकिलाच्या पहिल्या भेटीतलं पहिलं वाक्य हेच असू द्या. अर्ज करायच्या मुदतीही देशागणिक बदलतात. अमेरिकेत पोहोचल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज व्हावा लागतो, अपवाद मोजके. त्यांचा अर्ज झालेला आहे, पण पत्नीचा स्वतंत्र अर्ज करायचा ठरला तर तिच्यासाठीही मुदत पाहा.

पत्नीचा विषय बहुतेक घरांत मागे पडतो. नवऱ्याच्या अर्जाला तिचं नाव जोडलेलं असतं आणि तिला काही विचारलंच जात नाही. धमक्या घरी आल्या तेव्हा दार कुणी उघडलं? कदाचित तिनेच. तिची स्वतःची भीतीही असू शकते, आणि ती नवऱ्यासमोर सांगण्यासारखी नसेल. वकिलाने तिला एकटीला भेटावं. स्त्री अधिकारी आणि स्त्री दुभाषी हवी असेल तर तशी मागणी आत्ताच करावी. मुलीला त्या दिवशी मुलाखतीच्या खोलीत नेऊ नका. वडिलांना मारल्याचं वर्णन लेकरासमोर होत नाही, माणूस अर्धं गिळून टाकतो, आणि नोंदीत अर्धंच राहतं. तिला दिवसभर सांभाळणं ही तुमच्याकडून होण्यासारखी सगळ्यात मोलाची मदत आहे.

तयारी म्हणजे पाठांतर नव्हे. एका कागदावर घटनाक्रम मांडा : काय झालं, कुठे, केव्हा, सोबत कोण, कागद काय आहे. नेमकी तारीख आठवत नसेल तर ठाऊक असलेल्या दिवसाचा आधार घ्या, ‘मतमोजणीनंतर तिसऱ्या दिवशी’ असा. आकडा ठोकून देण्यापेक्षा ‘अंदाजे’ म्हणणं बरं. त्यांच्याकडे वेगळी कालगणना चालत असेल तर तारखांची बदली स्वतः करून ठेवा, कारण घोळ बहुधा इथेच होतो. इराणमध्ये चालणाऱ्या सौर हिजरी कालगणनेचं उदाहरण घ्या. वर्ष २१ मार्चच्या सुमारास सुरू होतं, म्हणून इसवी सन काढायला घाईत सगळे ६२१ मिळवतात. १४०० सालच्या पाचव्या महिन्याला ते बरोबर, २०२१ येतं. पण त्याच सालचा अकरावा महिना जानेवारी-फेब्रुवारी २०२२ मध्ये पडतो. एकाने २०२१ लिहिलं, दुसऱ्याने २०२२, आणि निकालपत्रात ओळ येते : अर्जदाराने अटकेचं वर्ष बदललं. इथिओपियाच्या गणनेत फरक कधी सात वर्षांचा, कधी आठ. घटनाक्रमाच्या कागदावर मूळ तारीख आणि बदललेली तारीख शेजारी-शेजारी लिहा, आणि मुलाखतीत त्यांना मूळ तारीखच बोलू द्या.

त्या दोन रात्रींवर सगळ्यात जास्त वेळ द्या. ‘पोलिसांनी खूप मारलं’ या वाक्यावर अधिकाऱ्याला काही करताच येत नाही. ‘दोघे होते, एकाच्या अंगावर गणवेश नव्हता, डावा हात टेबलाच्या कडेवर दाबून धरला आणि वायरने मारलं, करंगळी अजून पुरती वळत नाही’ अशा धाटणीचं उत्तर तपासता येतं. शोधून काढलेला तपशील नको, खरोखर आठवतो तोच : उजेड कुठून येत होता, पाणी कुणी दिलं, सोडताना कशावर सही घेतली. मार खाल्लेल्या माणसाला क्रम नीट आठवत नाही, बोलताना तो थांबतो, हसतोसुद्धा. तसं होत असेल तर वकिलाला सांगा; डॉक्टरचं पत्र लावता येतं, मध्ये विश्रांती मागता येते.

अंगावर खुणा असतील तर डॉक्टरांकडे याच आठवड्यात न्या, व्रण फिके होतात. छळाच्या वैद्यकीय नोंदीसाठी इस्तंबूल प्रोटोकॉल नावाची १९९९ ची आंतरराष्ट्रीय पद्धत आहे, २०२२ मध्ये ती सुधारली गेली. खूण आणि सांगितलेलं कारण यांचा मेळ तीत पायऱ्यांनी नोंदवतात : विसंगत, सुसंगत, अत्यंत सुसंगत, त्या प्रकारच्या इजेचं ठरावीक लक्षण, आणि शेवटची पायरी म्हणजे दुसऱ्या कशानेही होऊच शकत नाही अशी. ‘रुग्णाने मारहाण झाल्याचं सांगितलं’ एवढंच लिहिलेलं प्रमाणपत्र फारसं उपयोगी नाही. ही पद्धत माहीत असलेला डॉक्टर गाठा आणि कोणती पायरी ते स्पष्ट लिहून मागा. मधल्या पायरीचं प्रामाणिक प्रमाणपत्रही चालतं.

कागदांत नेमणुकीचं पत्र, पगाराच्या पावत्या, निवडणूक कामाचा आदेश हे आधी. एवढ्यानं ते त्या कचेरीत होते हे ठरतं, आणि निम्मी लढाई तीच असते. धमक्यांचे संदेश फोनवर असतील तर पूर्ण संभाषणाचे स्क्रीनशॉट घ्या, नंबर आणि तारीख दिसेल असे, आणि मूळ संदेश पुसू नका. काही देशांत आश्रय खातं फोनही तपासतं, म्हणून सोशल मीडियावर सांगण्याशी विसंगत काही आहे का ते वकिलासोबत आधीच पाहून घ्या. गावाहून कागद आले तर पाकीटही जपा, टपालाच्या शिक्क्यासकट. भाषांतर करणाऱ्याचं नाव, सही आणि तारीख हवी. नातेवाइकाचं पत्र चालतं, मात्र त्याने स्वतः पाहिलं तेवढंच त्यात असावं. विकत घेतलेलं अटक वॉरंट, वर्तमानपत्राचं बनावट कात्रण असलं काही एजंटाने दिलं असेल तर ते आत जाऊ देऊ नका. आधीच दिलं गेलं असेल तर मागे घेण्याच्या निवेदनात त्याचाही उल्लेख हवा.

आणि कागद नसतील तर? पळून आलेल्याकडे ते नसतात, हे गृहीतच आहे. सिद्ध करण्याचा भार तत्त्वतः अर्जदारावर असला तरी तथ्य शोधण्याचं काम दोघांनी मिळून करायचं असतं, आणि सांगणं सुसंगत, पटण्याजोगं असेल तर उरलेल्या शंकेचा फायदा अर्जदाराला द्यावा, असं उच्चायुक्तालयाची तीच मार्गदर्शक पुस्तिका सांगते. देशाच्या परिस्थितीचे अहवाल इथे कामी येतात. रेफवर्ल्ड आणि ईकॉय या संकेतस्थळांवर ते फुकट मिळतात. सरसकट ‘देशात दडपशाही आहे’ असा शंभर पानांचा गठ्ठा जोडू नका. निवडणूक कर्मचाऱ्यांवर दबाव, त्यांची अटक, त्याच प्रांतात, त्याच वर्षी, असे दोन-तीन उतारे खुणा करून द्या.

एक प्रश्न येण्याची शक्यता दाट : ‘देशातल्याच दुसऱ्या शहरात का गेला नाहीत?’ छळ करणारं सरकारच असेल तर त्याचा हात देशभर पोहोचतो असं साधारणपणे धरलं जातं, पण ते बोलून दाखवावं लागतं. ओळखपत्राशिवाय घर भाड्याने मिळतं का, पोलिसांकडे नोंद करावी लागते का, दुसऱ्या गावीही कुणी चौकशी करत आलं होतं का?

तुम्ही दुभाषी होऊ नका. तुमच्या मनात त्यांच्याबद्दल कणव आहे, आणि नकळत एखादं वाक्य तुम्ही सावरून घ्याल. अधिकाऱ्याच्या ते लक्षात आलं तर नुकसान त्यांचं. खात्याने दिलेला दुभाषी वेगळी बोली बोलत असेल, किंवा छळ करणाऱ्या गटातला वाटून ते बिचकत असतील, तर पहिल्या पाच मिनिटांतच सांगून ते नोंदवून घ्यायचं. चार तास मान डोलावून शेवटी केलेली तक्रार कुणी ऐकत नाही. शेवटी नोंद वाचून दाखवा अशी मागणी करावी. थकून ‘ठीक आहे’ म्हणत सही करू नये. चूक असेल तर तिथेच दुरुस्त करून घ्यावी, आणि प्रत मागावी. परवानगी असेल तर आधार म्हणून तुम्ही सोबत बसू शकता, एक शब्द न बोलता.

तुमचं पत्र मात्र द्या. तुम्ही कोण, त्यांना कधीपासून आणि कशा ओळखता, स्वतः काय पाहिलं : वर्गातली हजेरी, डावा हात वापरायला होणारा त्रास, दार आपटलं की दचकणं. ते सच्चे आहेत असं प्रशस्तिपत्र नको, आणि त्यांच्या तोंडून ऐकलेली हकीकत पुन्हा लिहू नका. तपशिलात एक शब्द इकडे-तिकडे झाला तर तुमचंच पत्र त्यांच्या विरोधात उभं राहतं. कायद्याचा सल्लाही देऊ नका. ब्रिटनसारख्या देशांत नोंदणी नसताना स्थलांतराचा कायदेशीर सल्ला देणं हा गुन्हा आहे.

नकार आला तर लगेच विमान, असं सहसा होत नाही. पण ‘सहसा’ला धरून बसू नका. अपिलाच्या मुदती फार तोकड्या असतात : जर्मनीत साधारण दोन आठवडे, अर्ज उघडपणे निराधार ठरवला तर एकच आठवडा; ब्रिटनमध्ये देशात असताना १४ दिवस; कॅनडात अपिलाची सूचना १५ दिवसांत. पत्र मिळाल्याची तारीख पाकिटावरच लिहा आणि त्याच दिवशी वकिलाला कळवा. त्याला पहिला प्रश्न विचारा : अपील केल्यावर परत पाठवणी आपोआप थांबते, की त्यासाठी वेगळा अर्ज लागतो? अनेकजण अपील वेळेत करतात आणि हा दुसरा अर्ज राहून जातो. अपिलात तीच हकीकत पुन्हा जोरात सांगून भागत नाही. नकारपत्राचा एकेक परिच्छेद घेऊन त्याला उत्तर द्यावं लागतं.

या सगळ्याच्या मुळाशी कराराचं कलम ३३ आहे : जिथे जिवाला किंवा स्वातंत्र्याला धोका आहे तिथे कुणालाही परत पाठवायचं नाही. त्याला अपवाद आहेत, देशाच्या सुरक्षेला धोका किंवा विशेष गंभीर गुन्ह्याची शिक्षा झालेल्यांसाठी. १९८४ च्या यातनाविरोधी कराराच्या कलम ३ ला मात्र अपवाद नाही. जिथे यातना होण्याची ठोस शक्यता आहे तिथे कुणालाच पाठवता येत नाही. युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने १९९६ च्या चहल प्रकरणात राष्ट्रीय सुरक्षेचं कारण पुढे करणाऱ्या ब्रिटनलाही हेच सुनावलं. म्हणून निर्वासित दर्जा नाकारला तरी पूरक संरक्षण, म्हणजे निर्वासित न ठरताही परत न पाठवण्याचं संरक्षण, मिळू शकतं, आणि वकिलाने दोन्ही मागण्या पहिल्यापासून एकत्र मांडाव्यात. देशातले सगळे उपाय संपले तर युरोपात मानवी हक्क न्यायालयाकडे, आणि ज्या देशांनी वैयक्तिक तक्रारीची मुभा मान्य केली आहे तिथून संयुक्त राष्ट्रांच्या यातनाविरोधी समितीकडे, परत पाठवणी तात्पुरती थांबवण्याची विनंती करता येते. नंतर नवा पुरावा हाती आला, समजा त्यांच्या जागी आलेल्या कारकुनालाही अटक झाली, तर पुन्हा अर्ज करण्याची सोय बहुतेक देशांत आहे. तो पुरावा आधी का देता आला नाही हे त्यात सांगावं लागतं.

राहता पत्ता बदलला तर त्याच दिवशी आश्रय खातं, वकील आणि न्यायालय, तिघांनाही वेगवेगळं कळवा. एका खात्याला कळवलं की बाकीच्यांना आपोआप कळतं हा समज खोटा आहे, आणि जुन्या पत्त्यावर गेलेल्या पत्रातली मुदत त्यांच्यासाठी थांबत नाही.